परतीच्या ओळीपासून वर: विशेष मोहिमेची आखणी आणि पाठबळ

ऑपरेशन्स सेलमध्ये नव्याने रुजू झालेल्या प्रत्येक अधिकाऱ्याला मी पहिल्या दिवशी एक कोरा कागद देत असे. अगदी खालच्या ओळीत लिही, असं सांगत असे: ‘शेवटचा माणूस परत. मोजणी पूर्ण.’ मग त्या ओळीपासून एकेक पायरी वर चढत यायचं. सगळ्यात वर पोचलात की निघायची वेळ हाती लागते. २२ वर्षं मी हेच काम केलं. दार फोडून आत शिरणाऱ्यांत मी नव्हतो. त्यांना दारापर्यंत पोचवणं आणि तिथून परत आणणं एवढंच माझ्याकडे होतं. जे आता या खुर्चीवर बसणार आहेत, त्यांच्यासाठी हे लिहितोय.

उलटं का मोजायचं? सुरुवातीपासून मोजलं की सगळा सैल वेळ पहिल्या टप्प्यांत खर्ची पडतो आणि परतीच्या वाट्याला उरलंसुरलं येतं. परतताना माणसं दमलेली असतात, एखादा जखमी असतो, समोरचा जागा झालेला असतो. म्हणजे जिथे वेळ सगळ्यात जास्त लागतो, तिथेच तो कमी पडतो.

एक उदाहरण पूर्ण करून दाखवतो. समजा उजाडतं ५.५० ला. हेलिकॉप्टरने ५.०० च्या आत सुरक्षित हद्दीत यायला हवं. परतीचं उड्डाण ७० मिनिटं, म्हणजे ३.५० ला जमीन सोडायची. चढणं आणि मोजणी १५ मिनिटं, म्हणजे ३.३५ ला सगळे उचलण्याच्या जागी हजर. लक्ष्यापासून ती जागा दीड किलोमीटर. मोकळ्या हातांनी पंचवीस मिनिटांत होईल, पण आपण स्ट्रेचर धरून चालायचं गणित करतो, म्हणून एक तास. लक्ष्य सोडायची वेळ २.३५. आतलं काम ३० मिनिटं, म्हणजे प्रवेश २.०५. यात ४० मिनिटं राखीव घाला, म्हणजे लक्ष्याच्या तोंडाशी १.२५ ला पोचायचं. रात्री, खडकाळ जमिनीवर, पूर्ण ओझ्यासह ६ किलोमीटर चालायला साडेतीन तास, म्हणजे रात्री ९.५५ ला उतरायचं. जाण्याचं उड्डाण ७० मिनिटं. निघायचं ८.४५ ला.

आता याच कागदावर चंद्र कधी मावळतो ते लिहा. समजा ११.२० ला. म्हणजे चालण्याचा पहिला दीड तास चांदण्यात जाणार. ते परवडतं का? नसेल तर तारीख बदला किंवा उतरण्याची जागा बदला. चालण्याचा वेग वाढवून गणित जुळवू नका. कागदावर वेग वाढतो, पाय तेच राहतात.

ती ४० मिनिटं अखंड एका जागी ठेवा. पाच इथे, दहा तिथे अशी वाटून टाकली की प्रत्येक टप्प्याचा प्रमुख आपापली पाच मिनिटं हक्काने खाऊन टाकतो आणि कमांडरच्या हातात काहीच राहत नाही.

माहितीला तारीख असते

आखणीच्या खोलीत भिंतीवर जे जे लावाल, त्याच्या कोपऱ्यात दोन गोष्टी लिहा: ही माहिती कोणत्या दिवशीची, आणि कोणी स्वतः पाहिलेली की ऐकीव. २१ नोव्हेंबर १९७० च्या पहाटे अमेरिकेच्या ५६ सैनिकांचं पथक उत्तर व्हिएतनाममधल्या सॉन ताय इथल्या युद्धकैद्यांच्या छावणीत उतरलं. आखणी, सराव, उड्डाण, सगळं पहिल्या दर्जाचं होतं. छावणीत मात्र एकही कैदी नव्हता. त्यांना जुलैमध्येच दुसरीकडे हलवलेलं होतं. या मोहिमेतून शिकण्यासारखं बरंच आहे, त्याकडे पुन्हा येतोच, पण तारखेचा धडा आधी घ्या. चांगलं, सुस्पष्ट छायाचित्र पाहिलं की ते आजचंच आहे असं मन धरून चालतं.

दुसरं म्हणजे त्या जागेत राहिलेला, काम केलेला माणूस शोधा. १९७६ च्या जुलैमध्ये युगांडातल्या एन्टेबे विमानतळावरून अपहृत विमानातल्या ओलिसांना सोडवण्याच्या मोहिमेआधी इस्रायलींनी दोन ठिकाणांहून माहिती मिळवली. अपहरणकर्त्यांनी आधी सोडून दिलेल्या ओलिसांना विचारलं, आणि ती जुनी विमानतळाची इमारत इस्रायली कंपनीनेच बांधलेली असल्यामुळे आराखडेही हाताशी आले. नॉर्वेतल्या व्हेमोर्कच्या जड पाण्याच्या कारखान्याबाबत तर त्या कारखान्याचा माजी मुख्य अभियंता योमार ब्रुन ब्रिटनमध्ये पोचला होता. त्याच्या माहितीवरून यंत्रांच्या प्रतिकृती बनवल्या गेल्या, आणि स्फोटकं कुठे, किती लावायची याचा सराव त्यांच्यावर झाला. २७-२८ फेब्रुवारी १९४३ च्या रात्री ती यंत्रं उडवायला गेलेल्या माणसांनी अंधारात जे केलं, ते त्यांच्या हातांना आधीच पाठ होतं.

अशा माणसाशी बोलताना मोठे प्रश्न विचारू नका. ‘पहारा कसा आहे?’ या प्रश्नाला तो अंदाज सांगेल. विचारा की दार आत उघडतं की बाहेर. कडी कोणत्या हाताला. रात्री कोणता दिवा चालू राहतो. कुत्रं आहे का, बांधलेलं की मोकळं. जिन्याला पायऱ्या किती, वळण कुठे. ज्याने तिथे दोन वर्षं ये-जा केलीय, त्याचे पाय ही उत्तरं देतात. मी तर अशा माणसाला खोलीभर चालायला लावत असे, डोळे मिटून, आणि वळण आलं की वळायला सांगत असे. बोलताना जे आठवत नाही ते चालताना आठवतं.

आत आणखी कोण आहे, हेही याच वेळी विचारायचं. बायका, मुलं, म्हातारी माणसं, कामगार. त्यांना कोणत्या खोलीत ठेवायचं, कोण त्यांच्याजवळ थांबणार, त्यांच्यापैकी कोणी जखमी झालं तर वैद्यकीय सहायकाने काय करायचं, हे आदेशात लिहिलेलं हवं. गोळी कधी चालवता येईल आणि कधी नाही याचे नियम कायदेविषयक अधिकाऱ्यासमोर बसून, सोप्या भाषेत, प्रत्येक जवानाला तोंडपाठ होतील असे करून घ्या. माझ्या मते आखणीतला हा भाग सर्वांत जास्त घाईत उरकला जातो आणि त्याची किंमत मोहीम संपल्यावर वर्षानुवर्षं चुकती करावी लागते.

कमीत कमी किती

एप्रिल १९८० मधली अमेरिकेची ‘ईगल क्लॉ’ मोहीम मी प्रत्येक तुकडीला शिकवली. तेहरानमधल्या ओलिसांना सोडवायला ‘निमिट्झ’ या विमानवाहू जहाजावरून ८ हेलिकॉप्टरं निघाली. वाळवंटातल्या पहिल्या थांब्यापासून पुढे जायला किमान ६ हवीत असं आधीच ठरलेलं होतं. एक वाटेतच सोडून द्यावं लागलं, पात्यात बिघाड असल्याचा इशारा आला म्हणून. दुसरं धुळीच्या ढगात सापडून जहाजावर परत फिरलं. थांब्यावर ६ पोचली, त्यांतल्या एकाची हायड्रॉलिक यंत्रणा निकामी. उरली ५. मोहीम रद्द झाली. परत निघण्याच्या गडबडीत अंधारात, उडणाऱ्या धुळीत एक हेलिकॉप्टर इंधन घेऊन आलेल्या विमानावर आदळलं आणि ८ जण गेले.

यातली एक गोष्ट त्यांनी बरोबर केली होती. ६ हा आकडा आधी ठरवला होता आणि तो पाळला. वाळवंटात रात्री, इतक्या तयारीनंतर, ‘पाचावर भागवू’ म्हणण्याचा मोह किती मोठा असेल याची कल्पना करा. म्हणून तुमच्या आखणीत हे आकडे दिवसाउजेडी, शांत डोक्याने लिहा: किती हेलिकॉप्टरं, किती माणसं, किती उशीर, किती वारा, कोणता संच बंद पडला तर थांबायचं. प्रत्येक आकड्यासमोर, थांबायचा निर्णय कोण घेणार त्याचं पद लिहा. एकच पद.

दुसरी गोष्ट मात्र मला आजही अस्वस्थ करते. धुळीतून परत फिरलेलं ते हेलिकॉप्टर. वायरलेस बंद ठेवण्याचा आदेश होता, त्यामुळे पुढे थांब्यावर हवा स्वच्छ आहे हे वैमानिकाला कळलंच नाही. अजून अर्ध्या तासाच्या आत तो धुळीतून बाहेर पडला असता. शांतता पाळणं गरजेचं असतं, मान्य. पण शांततेतही पोचलीच पाहिजे अशी माहिती कोणती, याची यादी वेगळी करा. ‘पुढे हवा ठीक आहे’ एवढं कळवायला दोन शब्दांचा संकेत पुरतो. गुप्ततेच्या नावाखाली ज्याला गरज आहे त्याच्यापासूनच माहिती लपवली जाते, हा प्रकार मी स्वतः अनेकदा पाहिला आहे. हवामान अधिकारी आणि वैमानिक यांना एका टेबलावर बसवा, मधल्या माणसामार्फत निरोप नकोत.

नंतर अॅडमिरल हॉलोवे यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीने या मोहिमेची चिकित्सा केली. त्यातली मोठी टीका होती की सगळ्या दलांनी मिळून पूर्ण रंगीत तालीम एकदाही केली नव्हती. हेलिकॉप्टरं नौदलाची, वैमानिक बहुतेक मरीन कोअरचे, विमानं हवाई दलाची, आत शिरणारे लष्कराचे. प्रत्येकाने आपापला भाग घासून घासून तयार केला. सगळे पहिल्यांदा एकत्र आले ते त्या रात्री, त्या धुळीत.

सराव

वेळ कमी असेल तर कुठून कापायचा? कमांडरने आपल्या आखणीला उपलब्ध वेळाचा एक तृतीयांश घ्यावा आणि दोन तृतीयांश खालच्यांना सोडावा, हा लष्करातला जुना नियम. मी त्यात एवढंच घालीन की खालच्यांच्या वाट्यातला अर्धा तरी सरावाला गेला पाहिजे. सुंदर छापलेला आदेश आणि एकच सराव, यापेक्षा हाताने लिहिलेली दोन पानं आणि सहा सराव मी कधीही घेईन.

जमिनीवर दोरी आणि चुना टाकून घराचा नकाशा आखणं, सँड मॉडेलभोवती, म्हणजे वाळूत केलेल्या त्या जागेच्या प्रतिकृतीभोवती, उभं राहून प्रत्येकाने आपलं काम बोलून दाखवणं, मग रिकाम्या हातांनी, मग पूर्ण ओझ्यासह, मग रात्री. हा क्रम सगळ्यांना माहीत असतो. दोन गोष्टी बहुधा सुटतात.

पहिली, प्रतिकृती कशाची केली आणि कशाची केली नाही. मे २०११ मध्ये अबोटाबादला बिन लादेनच्या घरावर गेलेल्या दोन हेलिकॉप्टरांपैकी एकाने अंगणावर तरंगताना अचानक उचल गमावली आणि ते खाली आदळलं. सरावासाठी उभारलेल्या नकली घराभोवती जाळीचं कुंपण होतं. खऱ्या घराभोवती उंच, भक्कम भिंत. जाळीतून पंख्याचा वारा निघून जातो. भिंतीला आपटून तो परत वर फिरतो आणि पाती त्याच ढवळलेल्या हवेत फिरत राहतात. हवाही अपेक्षेपेक्षा गरम होती. लांबी, रुंदी, दारं, खिडक्या सगळं जुळलं होतं, फक्त कुंपणाला हवेच्या नजरेने कोणी पाहिलं नव्हतं. म्हणून प्रतिकृती तयार झाली की प्रत्येक खात्याच्या माणसाला तिच्याभोवती फिरवा: वैमानिक, स्फोटकांचा जाणकार, वैद्यकीय सहायक, श्वानपथकात कुत्रं सांभाळणारा. प्रत्येकाला एकच प्रश्न: खऱ्या जागेपेक्षा इथे वेगळं काय आहे?

माझ्या हातून सुटलेली गोष्ट सांगतो. एका सरावासाठी आम्हाला बांधकाम अर्धवट राहिलेली चार मजली इमारत मिळाली होती. सगळं ठरल्या वेळेत होत होतं. मग एका अनुभवी हवालदाराने सुचवलं, तिसऱ्या मजल्यावरून जखमी उतरवून बघूया. ९० किलोचा पुतळा स्ट्रेचरवर बांधला. पहिल्याच वळणावर स्ट्रेचर अडकलं. लांबी जास्त, जिन्याचं वळण अरुंद. उभं करावं तर पुतळा पट्ट्यांतून घसरतो. चौघे जण त्या वळणावर सहा मिनिटं झगडत होते, आणि माझ्या कागदावर तीन मजले उतरायला धरलेली वेळ होती दीड मिनिट. ती वेळ मी मनाने लिहिली होती. दुसऱ्या दिवशी गुंडाळता येणारं कापडी स्ट्रेचर आणलं, सहा मुठींचं. आठ वेळा उतरवलं, घड्याळ लावून, आणि सर्वांत वाईट वेळ कागदावर लिहिली. सरासरी लिहू नका. त्या रात्री सरासरी वेळ मिळेल अशी हमी कोणी देत नाही.

दुसरी सुटणारी गोष्ट म्हणजे काहीतरी काढून घेऊन सराव करणं. आता सॉन तायकडे परत येतो. त्यांनी प्रत्येक हेलिकॉप्टर गैरहजर धरून पर्यायी आराखडे तयार केले होते आणि त्यांचा सरावही केला होता. प्रत्यक्षात कर्नल सायमन्स यांचा गट चुकून सुमारे चारशे मीटर दूर, दुसऱ्याच आवारात उतरला. छावणीत उतरलेल्यांना कळलं की आधार देणारा गट आलेला नाही, आणि ते लगेच पर्यायी आराखड्यावर गेले. थोड्याच वेळात सायमन्स यांचा गट येऊन मिळाला. जमिनीवर अर्ध्या तासापेक्षाही कमी वेळ, आणि एकही माणूस गमावला नाही. सरावाच्या मधोमध कमांडरच्या खांद्यावर हात ठेवा आणि सांगा, तुम्ही गेलात, आता बोलू नका. मग पुढे काय होतं ते पाहा. वायरलेसवाल्याचा संच काढून घ्या. दार उघडतच नाही असं जाहीर करा. पहिल्या दोन वेळा सगळं कोसळतं. पाचव्या वेळी कोणी दचकतही नाही.

ओझं, बॅटऱ्या, नकाशे

पाठबळाचं काम इथे खरं सुरू होतं. अमेरिकेच्या विशेष दलांमध्ये पाच सूत्रं सांगतात, त्यातलं पाचवं असं की बहुतेक विशेष मोहिमांना विशेष दलांबाहेरच्या माणसांची मदत लागते. हे सूत्र बऱ्याच काळ यादीतून गळलेलं असायचं, आणि मला त्याचं आश्चर्य वाटत नाही.

काट्यावर माणसं उभी करा. प्रत्येकाला पूर्ण साज चढवून, पाण्यासह, दारूगोळ्यासह, डोक्यावर हेल्मेट ठेवून वजन करा आणि तो आकडा वैमानिकाला द्या. गरम आणि उंचावरच्या विरळ हवेत हेलिकॉप्टरची उचल घटते, तिथे दोन माणसांच्या वजनाची चूक म्हणजे उतरता येईल की नाही असा प्रश्न. जवानाला वजन विचारू नका, तो नाश्त्याआधीचं, अंगावरच्या कपड्यांचं सांगतो. शेवटच्या रात्री मित्राकडून घेतलेली दोन जादा मॅगझिन्स आणि एक बाटली त्यात कधीच नसते. निघण्याआधी पुन्हा एकदा काटा.

बॅटऱ्या. थंडीत बॅटरीची ताकद झपाट्याने उतरते, म्हणून राखीव बॅटरी पाठीवरच्या पिशवीत ठेवण्याऐवजी अंगाशी, शर्टाच्या आत ठेवायला सांगा. मोहिमेसाठी नव्या किंवा त्याच दिवशी पूर्ण चार्ज केलेल्याच द्या आणि प्रत्येकीवर चिकटपट्टी लावून तारीख लिहा. अर्धी वापरलेली बॅटरी पिशवीत चुकून जाणं हे सर्रास घडतं, कारण दोन्ही दिसायला सारख्याच.

संपर्काच्या चार पायऱ्या ठरवा: नेहमीचा मार्ग, त्याला पर्याय, त्यालाही पर्याय आणि शेवटचा. चारही एकाच तंत्रावर चालत असतील तर त्यांना चार म्हणू नका. उपग्रहावरचे दोन वेगवेगळे संच म्हणजे एकच पायरी. शेवटची पायरी वीज न लागणारी असावी: रंगीत पट्टी, दिव्याच्या गोळीचं पिस्तूल. फेब्रुवारी १९४२ मध्ये फ्रान्सच्या किनाऱ्यावर ब्रूनव्हाल इथे जर्मन रडारचे भाग उचलायला गेलेल्या ब्रिटिश छत्रीधारी सैनिकांना समुद्रकिनाऱ्यावर उभं राहून बोटींशी वायरलेसवर बोलताच येईना. शेवटी आकाशात सोडलेल्या दिव्यांनी आणि उशिरा का होईना आलेल्या बोटींनी त्यांना परत नेलं. पथकात फ्लाइट सार्जंट कॉक्स नावाचा रडार तंत्रज्ञ होता, नेमके कोणते भाग काढायचे हे ओळखणारा. तुमच्या मोहिमेत असा एखादा जाणकार न्यायचा असेल तर त्याला सांभाळायला एक जवान कायमचा नेमा आणि दोघांना पहिल्या सरावापासून एकत्र ठेवा.

नकाशांबद्दल थोडं थांबतो, कारण इथे माझी एक रात्र वाया गेली आहे. सराव मोहीम होती, शत्रू नव्हता, एवढंच नशीब. हेलिकॉप्टरवाल्यांना आम्ही उतरण्याच्या जागेचे आकडे दिले. त्यांनी तेच आकडे यंत्रात भरले, वाचून दाखवले, आम्ही ‘बरोबर’ म्हटलं. पण आमचा कागदी नकाशा एका मोजणी-आधारावर, म्हणजे डेटमवर बनलेला आणि त्यांचं यंत्र दुसऱ्या. आकडे तेच, जमिनीवरची जागा जवळपास अडीचशे मीटर वेगळी. अडीचशे मीटर म्हणजे काहीच नाही असं वाटतं. मधे खोल ओढा होता. तो पार करायला तुकडीला ५० मिनिटं लागली आणि त्यात सगळा राखीव वेळ संपला. पहाटे परत आलेल्या त्या तरुण कॅप्टनने माझ्यासमोर गुडघ्यापर्यंत चिखलाने भरलेले बूट काढून ठेवले आणि शांतपणे विचारलं, सर, आम्ही वाट चुकलो होतो का? नव्हते चुकले ते. तेव्हापासून मी प्रत्येक कागदाच्या पहिल्या ओळीत डेटमचं नाव लिहायला लावलं. शिवाय ब्रीफिंग सुरू होण्याआधी प्रत्येक खात्याने जमिनीवरच्या एकाच ठळक खुणेचे आकडे आपापल्या यंत्रावरून मोठ्याने वाचायचे. एखादा मनोरा, एखादा पूल. आकडे जुळले नाहीत तर पुढचं पान उलटायचं नाही. घड्याळंही त्याच वेळी जुळवायची, सेकंदापर्यंत, आणि सगळ्यांनी एकाच प्रमाणवेळेवर.

इंधन आणि पाणी यांचं गणित सोपं आहे, फक्त ते परतीसकट करा. एन्टेबेला जाणाऱ्या चार हर्क्युलिस विमानांपुढे सुमारे ४ हजार किलोमीटरचं अंतर होतं. जाण्यापुरतं इंधन होतं, परतीचं नव्हतं. तिथल्या टाक्यांतून भरून घेता यावं म्हणून त्यांनी इंधनाचा पंप सोबत नेला होता. प्रत्यक्षात नैरोबीला उतरून इंधन भरता आलं आणि तिथेच दवाखाना म्हणून सजवलेलं एक बोईंग ७०७ उभं होतं. पंप लागला नाही. लागला नाही म्हणून तो नेणं चुकलं असं कोणी म्हणत असेल तर त्याला या कामापासून दूर ठेवा.

जखमी

२००९ मध्ये अमेरिकेचे संरक्षणमंत्री रॉबर्ट गेट्स यांनी अफगाणिस्तानात जखमी ६० मिनिटांच्या आत उपचारांपर्यंत पोचलाच पाहिजे असा आदेश काढला. तुमच्या मोहिमेत तेवढ्या वेळात तो पोचत नसेल तर उपचार त्याच्याकडे गेले पाहिजेत. पहिलं, टूर्निके, म्हणजे हातापायाचा रक्तस्राव आवळून थांबवणारी पट्टी: प्रत्येकाच्या अंगावर, एकाच ठरलेल्या जागी, दोन्ही हातांनी निघेल अशी. जखमीची स्वतःची वापरायची, मदतनीसाने आपली काढायची नाही. दुसरं, रक्त. ओ गटाचं, कमी अँटिबॉडी असलेलं संपूर्ण रक्त १ ते ६ अंश सेल्सिअसच्या पेटीत नेता येतं. पेटीतलं तापमान दर तासाला कोण वाचणार, त्याचं नाव लिहा. पथकात कोणाचं रक्त कोणाला चालेल याची तपासणी आठवडाभर आधी करून घ्या. तिसरं, पांघरूण, भर उन्हाळ्यातसुद्धा. रक्त गेलेलं शरीर गार पडतं आणि गार शरीरात रक्त नीट गोठत नाही, म्हणजे रक्तस्राव थांबत नाही. वजन कमी करायला म्हणून पहिल्यांदा पांघरूणच यादीतून काढतात. काढू देऊ नका.

कुमक

३ ऑक्टोबर १९९३ ला सोमालियातल्या मोगादिशूत दुपारी निघालेली अमेरिकेची मोहीम तासाभरात आटपेल असा अंदाज होता. अनेकांनी रात्री पाहण्याची दुर्बीण आणि पाणी तळावरच ठेवलं. दोन हेलिकॉप्टरं पाडली गेली आणि लढाई दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत चालली. अमेरिकेचे १८ सैनिक गेले. पडलेल्या हेलिकॉप्टरच्या माणसांना वाचवायला जे पथक तयार होतं ते एका ठिकाणी उतरलं. दुसऱ्या ठिकाणासाठी दुसरं नव्हतं. चिलखती गाड्या पाकिस्तानी आणि मलेशियन तुकड्यांकडून गोळा करून तो ताफा निघेपर्यंत कित्येक तास गेले.

तेव्हा कुमकेचं पथक कागदावर असून चालत नाही. ते मुख्य पथकाइतकंच ब्रीफ झालेलं, त्याच नकाशांसह, त्याच फ्रिक्वेन्सींसह, इंजिनं गरम ठेवून बसलेलं हवं. त्यांनी लक्ष्यापर्यंतची वाट स्वतः पाहिलेली किंवा मॉडेलवर चाललेली हवी. एक पथक धावलं तर त्याची जागा कोण घेईल, हेही आधी. दुसऱ्या देशाची किंवा दुसऱ्या दलाची मदत लागणार असेल तर त्यांचा एक अधिकारी पहिल्या दिवसापासून तुमच्या खोलीत बसवा. भर रात्री ओळख करून घेण्यात जो वेळ जातो तो रक्ताच्या पेटीतून जातो.

त्या रात्री

ऑपरेशन्स रूममध्ये माणसं कमी ठेवा. एक जण वायरलेसवर, एक जण नोंदवहीवर, एक जण फळ्यावर. मोठ्या अधिकाऱ्यांना बसायला वेगळी जागा द्या, त्यांना फळा दिसेल पण माइक हाताशी येणार नाही अशी. जमिनीवरच्या कमांडरला वरून प्रश्न विचारले की त्याचं डोकं समोरच्या दारावरून उठतं. प्रत्येक टप्प्याला एकेक कोडवर्ड असतो, तो आला की फळ्यावर खूण. कोडवर्ड एकमेकांसारखे ऐकू येणारे नकोत. खरखरत्या संचावर, दमलेल्या आवाजात बोलून तपासा. आवाज आला नाही तर किती मिनिटांनी काय करायचं, हे त्या टप्प्यासमोरच लिहिलेलं असावं, म्हणजे शांततेच्या वेळी कोणी घाबरून संच उचलणार नाही.

नोंदवही लिहिणारा चांगला निवडा. वेळ, कोण, काय, एवढंच. मत नको. सकाळी सगळ्यांची आठवण वेगवेगळी असते तेव्हा तीच वही कामाला येते.

आणि फळ्याच्या उजव्या बाजूला सगळ्यांची नावं लिहा, पदानुसार नको, ज्या हेलिकॉप्टरमधून परतणार त्यानुसार. उचलण्याच्या जागी मोजणी दोनदा: चढताना दारात उभा असलेला हात लावून मोजतो, आणि आत बसल्यावर गटप्रमुख नावाने मोजतो. दोन्ही आकडे जुळले तरच चाकं जमीन सोडतात. सोबत आणलेले बंदी किंवा सोडवलेली माणसं वेगळी मोजायची, त्या आकड्यात मिसळायची नाहीत. एका सरावात आमचे आकडे जुळले होते, पण त्यात एक सोडवलेला ‘ओलीस’ धरला गेला होता आणि आमचा एक जवान झाडीत पहाऱ्यावर बसलेला राहिला. त्याला आणायला गेलो तेव्हा तो त्याच दिशेला बंदूक रोखून होता. कोणी येईल यावर त्याचा पूर्ण विश्वास होता.

परत आल्यावर आधी शस्त्रं रिकामी, मग वैद्यकीय तपासणी, दिसायला धडधाकट असलेल्यांचीही. मग झोपेआधी पहिली चर्चा, सगळ्यांनी, वीस मिनिटं, घटनाक्रमाने. दुसरी चर्चा झोपेनंतर, सविस्तर. वाहतूक, इंधन, रक्तपेटी, कुमक सांभाळणाऱ्यांना या दोन्ही चर्चांना बोलवा आणि त्यांना पहिल्यांदा बोलू द्या. फळा पुसायचा नाही, नावांसमोरच्या खुणांसकट त्याचं छायाचित्र काढायचं, आणि मग त्या कोऱ्या कागदावर खालच्या ओळीसमोर वेळ लिहायची.